कानात आधी गेलेलं नाव

नसीम आपा गेल्याचा फोन आला तेव्हा मी अमरावतीला, माझ्या भावाच्या घरी होते. खरं सांगायचं तर फोन आला हे मला कळलंच नाही. फोन पर्समध्ये, पर्स आतल्या खोलीत खुंटीला, आणि आवाज बंद केलेला. मी समोरच्या खोलीत माझ्या साडेतीन वर्षांच्या भाचीबरोबर ठोकळ्यांचं घर रचत बसले होते. सकाळचे अकरा वाजले असतील, दारातून ऊन आत आलेलं. पोरीनं हातातला ठोकळा तसाच धरला, मान थोडी कलती केली, लांबून कुणी काही सांगतंय ते नीट ऐकून घ्यावं तशी... आणि म्हणाली, "आत्या, तुले बोलावून राह्यले." मी विचारलं, कोण? तिनं आतल्या खोलीकडे बोट केलं. आत कुणी नव्हतं. भाऊ ड्यूटीवर, वहिनी भाजी आणायला खाली गेलेली. पोरीचं मन राखायचं म्हणून मी उठले. पर्समधून फोन काढला तर सात मिस कॉल, सगळे आपांच्या नंबरवरून. आठवा माझ्या हातातच आला. पडद्यावर 'नसीम आपा' अशी अक्षरं, आणि पलीकडून बोलत होता त्यांचा भाचा. "बाजी, आपा नहीं रहे. जोहर के बाद मिट्टी है." म्हणजे दुपारच्या नमाजानंतर दफन.

मी शिकलेली बाई आहे. योगायोग कशाला म्हणतात ते मला समजतं आणि त्याच्यापुढे जाऊन काही मानायची मला सवय नाही. म्हणून जे घडलं ते घडलं तसंच लिहिते.

बडनेऱ्याहून मिळाली ती गाडी धरली, अकोल्याला उतरून ऑटो केला, तरी जुन्या शहरातल्या आपांच्या गल्लीत शिरले तेव्हा माणसं कब्रस्तानातून परत येत होती. आत बायका बसल्या होत्या. त्यांनी सरकून मला जागा करून दिली. त्या घरात मला सगळे 'कार्डवाली' म्हणून ओळखतात. अकोल्यात बस स्टँडच्या मागे माझं छोटं दुकान आहे. झेरॉक्स, ऑनलाइन फॉर्म, आणि लग्नाच्या-बारशाच्या पत्रिका. वडील जिनिंगमध्ये कापसाच्या गाठी उचलायचे, आई दुसऱ्याच्या वावरात तण निंदायला जायची. आमच्या घराण्यातली मी पहिली बी.ए., पाली विषय घेऊन, फर्स्ट क्लास. दुकानाच्या पाटीवर माझ्या नावापुढे 'बी.ए.' लिहिलंय, आणि ते पेंटरकडून मुद्दाम मोठ्या अक्षरात काढून घेतलंय. लोक हसतात. हसोत. ज्यांच्या घरात आजोबांपासून डिग्र्या भिंतीला टांगलेल्या आहेत, त्यांना त्या दोन अक्षरांचं वजन कळायचं नाही.

आपा पहिल्यांदा दुकानात आल्या त्या भांडायलाच. उर्दू प्राथमिक शाळेतून रिटायर झालेल्या, बुटक्या, डोक्यावरून पांढरी ओढणी, हातात मी छापलेलं बारशाचं कार्ड. त्यांच्या शेजारच्या घरातलं होतं. त्या कार्डावर मी, तेव्हा नवीनच सुरू केलेल्या पद्धतीप्रमाणे, बाळाच्या नावाखाली अर्थही छापला होता. 'इनाया : लक्ष्मी, समृद्धी'. त्यांनी कार्ड काउंटरवर आपटलं नाही. हळूच ठेवलं आणि त्यावर बोट टेकवलं.

"ये तूने छापा?"

"हो."

"इनाया लक्ष्मी कब से हुई, बेटा?"

मी म्हटलं, मोबाइलवर तसंच दिलंय. त्या म्हणाल्या, "मोबाइल का माहेर कौनसा?" मला राग आला. मी म्हटलं, "बाई, मी ग्रॅज्युएट आहे." आपांनी माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं आणि चक्क आमच्या वऱ्हाडीत म्हणाल्या, "अरे अल्ला... मंग तं अजूनच वाईट झालं न व माय!"

दुकानात दोन गिऱ्हाइकं उभी होती, ती खो खो हसली. मीही शेवटी हसले. मग आपांनी स्टूल ओढून घेतलं आणि मला इनाया समजावून सांगितलं. अरबीतला शब्द. काळजी घेणं, जपणं. 'इनायत' आपण म्हणतो, मेहरबानी, ती त्याच घरातली. "लक्ष्मी काही वाईट आहे का? पण ज्याचं त्याला द्यावं," त्या म्हणाल्या. तेव्हापासून पत्रिका छापायच्या आधी नाव आपांकडे जायचं. कुणी सांगितलं नव्हतं, कुणी पगार ठरवला नव्हता. मी फोन करायची किंवा संध्याकाळी दुकान बंद करून जुन्या शहरात जायची, आणि त्या पलंगाखालची एक जाड वही काढायच्या. शाळेच्या हजेरीपटासारखी आखलेली. तीन रकाने. पहिल्यात नाव, दुसऱ्यात माहेर, तिसऱ्यात गवाह. माहेर म्हणजे शब्द मुळात कुठल्या भाषेतला, कुठल्या धातूतला. नाव कुठंही नांदायला जाऊ दे, त्या म्हणायच्या, माहेर विसरलं की पोरीचं जे होतं तेच नावाचं होतं. आणि गवाह म्हणजे साक्षीदार, जिता माणूस. ते नाव असलेला, किंवा ते नाव असलेल्या कुणाला ओळखणारा. "किताब झूठ बोल सकती. आदमी भी झूठ बोल सकता. पर दोनो मिल के एकच झूठ नई बोलते." कोशात शब्द सापडला आणि गवाह मिळाला नाही, तर ओळ पेन्सिलीतच राहायची. एका नावाच्या गवाहासाठी त्या गुडघे दुखत असताना बसनं मूर्तिजापूरला जाऊन आल्या होत्या.

मोबाइलवरच्या अर्थांवर त्यांचा फारच राग. तीस वर्षं परीक्षेत कॉपी पकडण्यात गेली होती त्यांची. "बरोबर उत्तर सारखं असलं तर पोरं हुशार. चूक सारखी असली तर कॉपी," असं त्या सांगायच्या, आणि मग एकाच नावाचा तोच चुकीचा अर्थ, तीच शुद्धलेखनाची चूक, चार-चार ठिकाणी मला दाखवायच्या. एकदा एक नवा बाप दुकानात 'रेयांश' घेऊन आला, विष्णूचा अंश म्हणून छापा म्हणाला. आपा तिथंच बसल्या होत्या. त्यांनी फार अदबीनं विचारलं, "भाऊ, अंश तं समजला. पन रेय कोन हाय?" तो बिचारा डोकं खाजवत म्हणाला, "आता मावशी... देवाचंच काई तरी असन न." आपा म्हणाल्या, देवाला विचारून सांग, तोवर कार्ड थांबव. आठ दिवसांनी तो साधं 'अंश' करून घेऊन आला आणि वर आपांना पेढे देऊन गेला.

असं सगळं हसण्या-खेळण्यात चाललं होतं. आणि मग माझ्या घरचं नाव आलं.

माझा धाकटा भाऊ संदीप अमरावतीला कंपनीत आहे. त्याला लग्नानंतर सात वर्षांनी मुलगी झाली. त्यानं आणि प्रणाली वहिनीनं मोबाइलवर शोधून नाव काढलं, निरया. खाली अर्थ, 'दैवी तेज'. नाव मलाही फार आवडलं. इनाया, अनाया, त्याच चालीतलं. घरचं कार्य म्हणून मी जाड कागद घेतला, सोनेरी शाई घेतली, आणि आपांना न विचारता पत्रिका छापून अमरावतीला पाठवूनही दिल्या. आपलं माणूस आपल्याला परकं नाव देणार नाही, असं काहीसं डोक्यात असावं. एक पत्रिका उरली होती, ती घेऊन मी मोठ्या तोऱ्यात आपांकडे गेले. म्हटलं, हे घ्या, हे तुमच्या घरचं नाव आमच्या घरात आलं.

आपांनी पत्रिका हातात घेतली. बराच वेळ पाहिली. मग वही न काढताच म्हणाल्या, "ये हमारे घर की नई है."

"मग?"

"तूने पाली पढ़ी ना? अपने घर में देख."

मी त्या संध्याकाळी घरी जाऊन बी.ए.ची पुस्तकं काढली. कोश उघडायची गरजच पडली नाही. नोट्सच्या वहीत माझ्याच अक्षरात, माझ्याच पेन्सिलीची रेघ मारलेल्या ओळीत ते होतं. चार दुर्गती, पहिली निरय. निरय म्हणजे नरक. हा प्रश्न मला परीक्षेत आला होता, त्याचे मला पैकीच्या पैकी मार्क पडले होते... आणि तोच शब्द मी सोनेरी शाईत, माझ्या भावाच्या सात वर्षांनी झालेल्या लेकराच्या नावाच्या जागी छापला होता. पाटीवर बी.ए. लिहिणाऱ्या बाईनं.

मी संदीपला फोन केला. तो भडकला. "ताई, दोन दिवस राह्यले कार्यक्रमाले. पत्रिका वाटून झाल्या, प्रणालीच्या माहेरचे निंघाले. तुले आता सुचून राह्यलं? काहून, छापताना डोये मिटले होते काय?" मी म्हटलं, अरे नरक म्हणजे... तो म्हणाला, "कोनाले येते पाली? आमी दैवी तेज म्हनूनच हाक मारू. अन् अर्थ छापला कोनं? तूच न? आता मले नोको शिकवू." फोन ठेवला. त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. चूक माझी होती आणि ओरडत तो होता, इतकंच.

दुसऱ्या दिवशी आपांपुढे जाऊन मी रडले. आपांनी रडू दिलं. मग त्यांनी विचारलं, तुमच्यात नाव ठेवतात कसं? मी सांगितलं, वंदना होते, त्रिशरण-पंचशील होतं, मग बाळाला पाळण्यात घालतात, आणि आत्या वाकून आधी बाळाच्या कानात नाव सांगते. बायका आत्याच्या पाठीत धपाटे घालतात. मग आत्या मोठ्यानं सगळ्यांना नाव सांगते. "कान में पहले?" आपांनी विचारलं. "हो." "और आत्या कौन?" मी म्हटलं, मीच.

 आपा म्हणाल्या, त्यांच्यातही मूल जन्मलं की सगळ्यात आधी कानात अजान देतात, नाव-गाव सगळं नंतर. "कान को दरवाजा नई लगाया अल्ला ने. डोळे मिटता येतात, तोंड मिटता येतं. कान मिटता येत नाही. पहले जो अंदर गया, वो घर का मालिक. बाद में आए सो मेहमान." एवढं बोलून त्यांनी वही काढली आणि पेन्सिल माझ्या हातात दिली.

मी 'खेमा' लिहिलं. पालीत खेम म्हणजे क्षेम, जिथं भय नाही अशी जागा. नरकाच्या समोर मला दुसरा शब्द सुचेना. आपा एकदम हसल्या. "खेमा? हमारे में तो तंबू को कहते!" मग हसू ओसरलं आणि त्या स्वतःशीच म्हणाल्या, तंबू तरी दुसरं काय करतो. त्यांनी माहेराच्या रकान्यात दोन माहेरं लिहिली, पाली आणि उर्दू. दोन्हीकडे आसरा. गवाहाचा रकाना रिकामा ठेवला. आणि मला म्हणाल्या, "एक वादा कर. चोरून दिलेलं नाव कधी तरी मालकिणीच्या घरी सांगावं लागतं. भावाला सांगशील. वरना मैं भी झूठी गवाह हो जाऊंगी." मी म्हटलं, सांगेन. कार्यक्रम एकदा पार पडू द्या.

कार्यक्रम अमरावतीच्या एका हॉलमध्ये झाला. स्पीकर कर्कश होता, पोर सकाळपासून किरकिरत होती. मी पाळण्यावर वाकले, तिच्या उजव्या कानाशी तोंड नेलं आणि तीनदा म्हटलं, खेमा, खेमा, खेमा. पाठीत धपाटे बसत होते. पोर रडायची थांबली, एवढं काही विशेष नाही, मुलं थांबतात. पण तिनं डोळे उघडले आणि माझ्याकडे पाहिलं नाही. माझ्या खांद्यावरून, धपाटे घालणाऱ्या बायकांच्याही पलीकडे, जिथं नुसती भिंत होती, तिथं पाहिलं. कुणी ओळखीचं आल्यावर पाहतात तसं. मी सरळ उभी राहिले, माइक घेतला आणि मोठ्यानं म्हटलं, "निरया!" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

पाच-सहा महिन्यांनी वहिनीचा फोन आला. आवाज घाबरा. "ताई, पोरगी वयूनच पाहात नाई. कितीक हाका मारा. बहिरी तं नसन?" डॉक्टरांनी कान तपासले. कान उत्तम. दुसऱ्या खोलीत चमचा पडला तर दचकते, दारावरची बेल वाजली तर मान वळवते, आणि नावानं हाक मारली की भिंतीसारखी बसते. मी भेटायला गेले. वहिनी स्वयंपाकघरात असताना, पोरीची पाठ माझ्याकडे असताना, मी ओठांतल्या ओठांत म्हटलं, खेमा. मला स्वतःलाही ऐकू आलं नसेल इतकं हळू. ती वळली. पटकन नाही, सावकाश. आणि हसली नाही.

मी गॅलरीत जाऊन आपांना फोन केला. सगळं सांगितलं. आपा म्हणाल्या, फोन तिच्या कानाला लाव. मी आत येऊन लावला. मिनिट-दीड मिनिट पोर हलली नाही, बोट तोंडात, डोळे मोठे. मग तिनंच फोन हातानं बाजूला सारला, बोलणं संपल्यासारखा. मी विचारलं, आपा, काय म्हणालात? "पूछा." काय विचारलं? "जो पूछना था. उसने जवाब दिया." मी म्हटलं, आपा, सहा महिन्यांचं लेकरू काय जवाब देईल? आपा म्हणाल्या, "दिया ना." आणि लगेच, "अब तू वो नाम मत लेना उसके सामने. पहले भाई को बता."

मी सांगितलं नाही. एकदा पहिला वाढदिवस होता, एकदा संदीपच्या नोकरीचं काही चाललं होतं. वाढदिवसाला वहिनीनं मनगटावर 'निरया' गोंदवून घेतलं, बाजूला छोटं फुलपाखरू, आणि कौतुकानं मला दाखवलं... त्यानंतर तर माझी जीभच उचलेना. हे सगळं बहाणे होते. खरं कारण एकच. मला सांगावं लागलं असतं की आपल्या घरातली एकटी शिकलेली बाई आधी चुकली, मग ती चूक तिनं चोरून दुरुस्त केली, आणि तुमच्या लेकराचं नाव तुम्हालाच माहीत नाही. आपांनी कधी रागावून विचारलं नाही. पण दर भेटीत, चहा झाला की, विचारायच्या. "बताया?" मी नाही म्हणायची. त्या वही मिटून ठेवायच्या.

शेवटची भेट झाली तेव्हा त्यांचा आवाज गेला होता. पलंगावर एवढ्याशा झाल्या होत्या. मी बडबडत होते, दुकानात नवीन मशीन घेतलं वगैरे. त्यांनी हात उचलला, बोट स्वतःच्या कानाला लावलं आणि भुवया वर केल्या. मी म्हटलं, पुढच्या महिन्यात नक्की. त्यांनी डोळे मिटले. आयुष्यभर दुसऱ्यांचं खोटं पकडलेल्या बाईला मी दिलेलं शेवटचं उत्तर ते.

चाळिसाव्याला गेले तेव्हा भाच्यानं वही माझ्या हातात ठेवली. "आपा बोल के गए थे, कार्डवाली को देना." मी तिथंच, त्यांच्या पलंगावर बसून ती ओळ शोधली. खेमा. पेन्सिलीतली नव्हती, शाईतली होती. माहेर, पाली आणि उर्दू. आणि गवाहाच्या रकान्यात, देवनागरीत, मला वाचता यावं म्हणूनच बहुधा, त्यांच्या गोल अक्षरात, 'बच्ची खुद. दो बार पूछा.'

मी फोन एकदाच लावला होता. आपांनी माझ्या भावाचं घर कधी पाहिलं नव्हतं, त्यांच्याकडे कुणाचा नंबर नव्हता. मी भाच्याला विचारलं, आपा अमरावतीला कधी गेल्या होत्या का? तो म्हणाला, बाजी, कभी नई. दो साल से तो पलंग से भी नई उतरे.

पुढच्या रविवारी मी अमरावती गाठली. दुपारची जेवणं झाल्यावर संदीप आणि वहिनीला समोर बसवलं आणि सगळं सांगितलं. पत्रिकेपासून वहीपर्यंत, काही राखलं नाही. मला वाटलं होतं संदीप ओरडेल. तो खाली मान घालून बसून राहिला. म्हणाला, "तू सांगतलं होतं तवा. म्याच आयकलं नाई." पण वहिनी माझ्याकडे बघत होती ती वेगळीच. एका हातानं दुसरं मनगट झाकून धरलेलं.

"ताई," ती म्हणाली, "मले माईत होतं."

काय माहीत होतं?

"ते आरशापुढं उभी राह्यते अन् म्हनते, मी खेमा. दिवायीपासून चालू हाय. म्या इचारलं, कोनं सांगतलं तुले हे? तं म्हने, कानातल्या आजीनं." "म्या म्हनलं, कार्टून-बिर्टून पाह्यलं असन. मंग इचारलं, काय बोलते व ते आजी? तं म्हने, ते हिंदीत बोलते... ह्याईले नाई सांगतलं म्या. म्हनलं, हसतीन मले."

संदीप हसला नाही. बाहेर कुणी गाडी धूत होतं, पाइपाच्या पाण्याचा आवाज येत होता. मग संदीप उठला, आतून पोरीला उचलून आणलं आणि माझ्या मांडीवर बसवलं. "आता कानात सांगतलं तेच मोठ्यानं सांग, ताई. आमच्या देखत. मी उद्याच फॉर्म भरतो." मी म्हटलं, फॉर्म मी भरते, ते माझं काम आहे. वहिनी डोळे पुसता पुसता म्हणाली, मंग पाठीत धपाटेही घ्या. आणि तिनं खरंच एक जोरात घातला, तीन वर्षांचा राग होता त्यात, आणि आम्ही तिघंही हसलो.

मी वाकले. साडेतीन वर्षांच्या मुलीच्या कानात नाव सांगायला फार वाकावं लागत नाही. मी तोंड उघडणार तेवढ्यात तिनं आपला तळहात माझ्या ओठांवर ठेवला. "मले माईत हाय," ती म्हणाली, जरा कंटाळून. मग दोन्ही हातांनी माझा कान धरला, स्वतःकडे ओढला, आणि एक शब्द म्हणाली. तीनदा. गरम श्वास, दुधाचा वास, आणि तो शब्द. मी विचारलं, हे काय गं? तिनं उत्तर दिलं, "तुहं नाव."

तो शब्द मी इथे लिहीत नाही. खात्री झाल्याशिवाय छापायचं नाही. पालीच्या कोशात तो नाही, संस्कृतच्या नाही. आपांच्या तीन उर्दू कोशांत त्यांच्या भाच्यानं दिवसभर बसून पाहिलं, नाही. मुलांच्या बडबडीतला असेल म्हणून सोडून द्यावं, तर परवा पुन्हा विचारल्यावर तिनं तोच सांगितला, काना-मात्रेचा फरक न करता. वहीत आपांच्या शेवटच्या ओळीखाली मी तो पेन्सिलीनं लिहिलाय. माहेर रिकामं आहे. गवाहाच्या रकान्यापाशी पेन जातं आणि थांबतं. संध्याकाळी दुकान बंद केलं की मी वही घेऊन बसते, जुने शब्द चाळते, माणसांना फोन करते, तुमच्याकडे असं नाव कधी ऐकलंय का म्हणून. आणि एक गोष्ट कुणाला सांगितलेली नाही. काल दुकानात एक गिऱ्हाईक मला हाका मारत होतं. सुजाताताई, ओ सुजाताताई... चार-पाच वेळा तरी, असं ते म्हणालं. मला ऐकू येत होतं. माझं लक्षही होतं. फक्त मला वाटलं, ते दुसऱ्या कुणाला तरी बोलावतायत.